व्हिडिओ उघडताना ‘डीएलएल फाइल सापडत नाही’ असा संदेश आल्यास काय करावे

ठाण्यातील एखाद्या गृहनिर्माण संस्थेच्या कार्यालयात सीसीटीव्हीचे चित्रण उघडायचे असते, नौपाड्यातील गायनवर्गात फोनवर मुद्रित केलेले गाणे संगणकावर संपादित करायचे असते, किंवा पाडव्याच्या शोभायात्रेच्या चित्रफिती एकमेकींना जोडायच्या असतात. नेमक्या त्याच वेळी प्रोग्राम सुरू होत नाही आणि पडद्यावर एक लहान चौकट येते: अमुक नावाची डीएलएल फाइल सापडली नाही. बहुतेक जण त्या फाइलचे नाव जसेच्या तसे शोधयंत्रात टाकतात, पहिल्या संकेतस्थळावरून ती एकटी फाइल उतरवून घेतात आणि विंडोजच्या फोल्डरमध्ये ठेवतात. या मार्गाने अडचण क्वचितच सुटते. अनेकदा ती वाढते आणि संगणकाची सुरक्षितताही धोक्यात येते. हा लेख ज्यांनी आजवर असे काम स्वतः केलेले नाही त्यांच्यासाठी आहे, आणि त्यातील प्रत्येक पायरीमागचा विचार एकच आहे. हरवलेली फाइल शोधत बसू नये. ती फाइल मुळात कोणाची आहे हे शोधावे आणि तिच्यासह पूर्ण संच त्याच मालकाकडून घ्यावा.

लिहिण्याच्या सोयीसाठी फाइलींची आणि आज्ञांची नावे येथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत. संगणकावर ती रोमन अक्षरांत दिसतील आणि टंकायचीही रोमन अक्षरांतच आहेत.

या फाइली असतात कशासाठी

चित्रफीत दाखवणारा प्रत्येक प्रोग्राम चित्र उलगडण्याचे, आवाज वेगळा काढण्याचे किंवा चित्राचा आकार बदलण्याचे काम स्वतः नव्याने लिहीत नाही. इमारतीत प्रत्येक घराने स्वतंत्र विहीर न खणता गच्चीवरच्या एकाच टाकीतून पाणी घ्यावे, तसे अनेक प्रोग्राम एका सामायिक फाइलमधून हे काम करून घेतात. विंडोजमध्ये अशा फाइलला डायनॅमिक लिंक लायब्ररी, म्हणजेच डीएलएल म्हणतात. लिनक्समध्ये तिचे नाव ‘एसओ’ने आणि ॲपलच्या संगणकात ‘डायलिब’ने संपते. प्रोग्राम सुरू होताना लागणाऱ्या लायब्ररींची यादी पाहिली जाते आणि यादीतील एक जरी फाइल मिळाली नाही, तरी प्रोग्राम पहिल्या पावलावरच थांबतो. म्हणूनच हा संदेश व्हिडिओ बिघडल्याचा नसतो. तुमची चित्रफीत बहुधा सुखरूप असते.

विंडोजने ध्वनी आणि चित्रासाठी आजवर तीन मोठ्या व्यवस्था आणल्या. १९९२ मध्ये ‘व्हिडिओ फॉर विंडोज’ आले, त्याच दशकात पुढे ‘डायरेक्टशो’ आले, आणि २००७ मध्ये बाजारात आलेल्या विंडोज व्हिस्टापासून ‘मीडिया फाउंडेशन’ सुरू झाले. जुने प्रोग्राम चालत राहावेत म्हणून या तिन्ही व्यवस्थांच्या लायब्ररी आजच्या विंडोज ११ मध्येही शेजारी शेजारी नांदतात. त्याशिवाय ‘एफएफएमपेग’ हा २००० साली फाब्रिस बेलार यांनी सुरू केलेला मुक्त प्रकल्प आहे. त्याच्या लायब्ररी असंख्य प्रोग्राम आपापल्या फोल्डरमध्ये सोबत बाळगतात. तेव्हा ‘मीडियाची डीएलएल’ असा एकच प्रकार नसतो, आणि सर्वांना लागू पडणारा एकच उपायही नसतो.

पहिली पायरी: संदेश पूर्ण वाचावा

चौकट बंद करण्यापूर्वी फोनने तिचे छायाचित्र घ्यावे. फाइलच्या नावातील एखादा अंक किंवा जोडरेघ चुकली, तर पुढचा सगळा शोध भरकटतो. ‘वॉज नॉट फाउंड’ असे म्हणणाऱ्या संदेशाचे दुसरे वाक्य सहसा कोणी वाचत नाही, परंतु खरा उपाय त्याच वाक्यात दिलेला असतो: प्रोग्राम पुन्हा बसवल्यास अडचण दूर होऊ शकेल. ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ अशा अर्थाचा संदेश वेगळा आहे. त्यात फाइल सापडलेली असते, पण ती दुसऱ्याच आवृत्तीची असल्यामुळे प्रोग्रामला हवे असलेले काम तिच्यात नसते. तिसरा प्रकार आकड्यांचा. शून्य-एक्स-सी नंतर पाच शून्ये आणि शेवटी ‘७बी’ असा क्रमांक दिसला, तर बहुतेक वेळा ३२ बिट आणि ६४ बिट या दोन वेगवेगळ्या रचनांच्या फाइलींची सरमिसळ झालेली असते.

संदेशात डीएलएलचे नावच नसेल, प्रोग्राम नीट उघडत असेल आणि फक्त आवाज येऊन चित्र दिसत नसेल, तर तो कोडेकचा, म्हणजे चित्र आवळण्याच्या आणि उलगडण्याच्या पद्धतीचा, प्रश्न आहे. त्याचा विचार पुढे स्वतंत्रपणे केला आहे.

दुसरी पायरी: साधी कारणे आधी तपासावीत

या पायरीला काही मिनिटेच लागतात, आणि तरीही सर्वांत जास्त वगळली जाते तीच. प्रोग्राम झिप फाइलमधून आला असेल आणि ती न उलगडता आतूनच डबल क्लिक केले असेल, तर मुख्य फाइल एकटी तात्पुरत्या जागी उघडते आणि तिच्या शेजारच्या लायब्ररी मागे राहतात. झिपवर राइट-क्लिक करून ‘एक्स्ट्रॅक्ट ऑल’ निवडावे आणि उलगडलेल्या फोल्डरमधून प्रोग्राम सुरू करावा.

दुसरे नेहमीचे कारण म्हणजे सोयीसाठी केवळ ‘ईएक्सई’ फाइल डेस्कटॉपवर किंवा पेन ड्राइव्हवर नकलून घेणे. सोसायटीच्या डीव्हीआरमधून, म्हणजे सीसीटीव्हीचे चित्रण साठवणाऱ्या यंत्रातून, पेन ड्राइव्हवर चित्रण घेताना त्यासोबत लहानसा प्लेअरही बऱ्याचदा येतो. व्यवस्थापक किंवा सचिव त्यातील प्लेअरची एकच फाइल उचलतात, आणि मग ती दुसऱ्या संगणकावर लायब्ररी मागत राहते. अशा वेळी संपूर्ण फोल्डर उचलावा. डेस्कटॉपवर प्रोग्राम हवा असेल, तर त्याची नक्कल ठेवण्याऐवजी शॉर्टकट ठेवावा.

रिसायकल बिन पाहावी. त्यानंतर ‘विंडोज सिक्युरिटी’ उघडून ‘प्रोटेक्शन हिस्ट्री’ पाहावी, कारण विषाणूरोधकाने एखादी लायब्ररी संशयावरून अलग ठेवलेली असू शकते. ती तेथे आढळली, तर लगेच ‘रिस्टोअर’ दाबू नये. प्रोग्राम कोठून आणला होता हे आधी आठवावे. निर्मात्याच्या स्वतःच्या संकेतस्थळाऐवजी अन्य ठिकाणाहून आणला असेल, तर विषाणूरोधकाचे म्हणणे खरे मानून तो प्रोग्रामच काढून टाकावा.

तिसरी पायरी: फाइलचा मालक ओळखावा

संपूर्ण कामातील हा सर्वांत मोलाचा भाग आहे. डीएलएलची नावे प्रथम दुर्बोध वाटतात, पण ती कुळांत विभागलेली असतात, आणि कूळ ओळखले की उपाय जवळजवळ ठरतो.

नावाची सुरुवात ‘एमएसव्हीसीपी’ किंवा ‘व्हीसीरनटाइम’ अशी असून पुढे १४० सारखा अंक असेल, तर त्या फाइलचा चित्रफितीशी थेट संबंध नाही. ती मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ या संचाची आहे. असंख्य प्रोग्राम याच संचावर उभे असल्यामुळे व्हिडिओ संपादकही तिची मागणी करतात. मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून हा संच घ्यावा. तेथे एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) असे वेगवेगळे इन्स्टॉलर असतात. संगणक ६४ बिटचा असला तरी ३२ बिटच्या प्रोग्रामना त्यांचा स्वतंत्र संच लागतो, म्हणून दोन्ही बसवावेत आणि संगणक पुन्हा सुरू करावा. १४० या अंकाच्या फाइलींसाठी २०१५ पासूनच्या सर्व आवृत्त्यांना चालणारा एकच एकत्रित संच आहे. मात्र १२० किंवा १०० हे अंक असलेल्या फाइली अनुक्रमे २०१३ आणि २०१० च्या संचांतील आहेत, आणि नवा संच त्यांची जागा घेत नाही.

‘डी३डीएक्स९’, ‘एक्सइनपुट१_३’ किंवा ‘एक्स३डीऑडिओ’ अशी नावे जुन्या डायरेक्टएक्सची, म्हणजे विंडोजच्या चित्र-ध्वनी लायब्ररींच्या संचाची, आहेत. त्यांच्यासाठी मायक्रोसॉफ्टचाच ‘डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम’ हा जून २०१० चा संच बसवावा. संगणकातील डायरेक्टएक्स १२ काढावे लागत नाही. हा संच त्याच्यासोबत सुखाने राहतो.

‘एमएफप्लॅट’, ‘एमएफ’ आणि ‘एमएफरीडराइट’ या मीडिया फाउंडेशनच्या, म्हणजे खुद्द विंडोजच्या फाइली आहेत. त्या सापडत नसतील, तर प्रथम विंडोजची आवृत्ती पाहावी. सेटिंग्जमध्ये ‘सिस्टिम’ आणि त्यात ‘अबाउट’ उघडल्यावर ‘एडिशन’ या शब्दापुढे आवृत्तीचे नाव दिसते. त्याच्या शेवटी ‘एन’ हे अक्षर असेल, तर कारण मिळाले. युरोपीय आयोगाने २००४ मध्ये मायक्रोसॉफ्टला सुमारे ४९.७ कोटी युरोंचा दंड केला आणि मीडिया प्लेअरविना विंडोज उपलब्ध करून देण्यास सांगितले. तेव्हापासून ही ‘एन’ आवृत्ती निघते. ती युरोपसाठी असली, तरी परदेशातून आलेल्या किंवा नूतनीकरण करून विकलेल्या संगणकांत ती आपल्याकडेही आढळू शकते. ऐरोली, महापे किंवा वागळे इस्टेट परिसरातून असा वापरलेला संगणक स्वस्तात घेतला असेल, तर ही तपासणी अवश्य करावी. उपाय सोपा आणि विनामूल्य आहे. सेटिंग्जच्या शोधचौकटीत ‘ऑप्शनल फीचर्स’ असे टंकून तो विभाग उघडावा, वैशिष्ट्य जोडण्याचे बटण दाबावे, यादीतून ‘मीडिया फीचर पॅक’ निवडावा आणि तो बसल्यावर संगणक पुन्हा सुरू करावा. पायथॉन ही प्रोग्रामिंगची भाषा शिकणाऱ्या विद्यार्थ्यांना ओपनसीव्ही ही चित्रांवर काम करणारी लायब्ररी आयात करताना ‘डीएलएल लोड फेल्ड’ असे उत्तर मिळते, त्यामागेही अनेकदा हेच कारण असते.

आवृत्तीच्या नावात ‘एन’ नसेल आणि तरीही ‘एमएफप्लॅट’ किंवा डायरेक्टशोची ‘क्वार्ट्झ’ ही फाइल गायब असेल, तर बहुधा विंडोजच्याच फाइली खराब झालेल्या आहेत. त्याचा उपाय पाचव्या पायरीत आहे.

‘लिबव्हीएलसी’ आणि ‘लिबव्हीएलसीकोअर’ या व्हीएलसी प्लेअरच्या स्वतःच्या फाइली आहेत. त्या हरवल्या असतील, तर व्हीएलसी काढून व्हिडिओलॅनच्या संकेतस्थळावरून पुन्हा बसवावे.

आता उरते ते एफएफएमपेगचे कूळ: ‘एव्हीकोडेक’, ‘एव्हीफॉरमॅट’, ‘एव्हीयुटिल’, ‘एसडब्ल्यूस्केल’, ‘एसडब्ल्यूरीसॅम्पल’. या नावांपुढे जोडरेघ आणि एक अंक असतो, आणि तो अंक म्हणजे लायब्ररीची मुख्य आवृत्ती. एफएफएमपेगच्या ४ क्रमांकाच्या मालिकेत एव्हीकोडेकचा अंक ५८ आहे, ५ च्या मालिकेत ५९, ६ च्या मालिकेत ६० आणि ७ च्या मालिकेत ६१. प्रोग्राम ५८ मागत असेल तर त्याला ५८ च हवी. संगणकात ५९ आहे म्हणून तिचे नाव बदलून ५८ करण्याचा सल्ला काही चित्रफितींतून दिला जातो. तो कधीही मानू नये. मुख्य अंक बदलतो तेव्हा लायब्ररीच्या आतील मांडणीही बदललेली असते. अशी फाइल मिळाली की प्रोग्राम ‘एंट्री पॉइंट’चा संदेश देतो किंवा मध्येच कोसळतो. शिवाय ही भावंडे एकमेकांवर अवलंबून असतात. एव्हीकोडेकला त्याच संचातील एव्हीयुटिल लागते, म्हणून एकच फाइल आणून भागत नाही.

त्यामुळे येथे आधी पाहायचे ते हे, की लायब्ररी सोबत आणण्याची जबाबदारी कोणाची होती. बहुतेक व्हिडिओ संपादक आणि सीसीटीव्हीचे प्लेअर या फाइली स्वतःच्या फोल्डरमध्ये घेऊन येतात. तेव्हा तो प्रोग्राम निर्मात्याच्या संकेतस्थळावरून पुन्हा बसवणे हाच खरा उपाय ठरतो. काही प्रोग्राम मात्र ही जबाबदारी वापरणाऱ्यावर सोडतात, आणि ऑडॅसिटी हा ध्वनिसंपादक त्याचे उत्तम उदाहरण आहे. फोनवर मुद्रित केलेल्या एम४ए फाइली विंडोजवरील ऑडॅसिटीत उघडायच्या, तर एफएफएमपेगच्या लायब्ररी वेगळ्या आणाव्या लागतात. ऑडॅसिटीच्या अधिकृत साहाय्यपृष्ठावर दिलेल्या दुव्यावरून त्या बसवाव्यात, नंतर ‘प्रेफरन्सेस’मध्ये ‘लायब्ररीज’ हे पान उघडावे आणि ‘लोकेट’ या बटणाने एव्हीफॉरमॅट फाइलची जागा दाखवावी. ऑडॅसिटी ६४ बिटचे असेल, तर लायब्ररीही ६४ बिटचीच हवी.

एफएफएमपेगचा संच थेट घेण्याची वेळ आली, तर दोन गोष्टी लक्षात असू द्याव्यात. एफएफएमपेगचा प्रकल्प स्वतः मूळ संहिता (सोर्स कोड) देतो. विंडोजसाठी तयार केलेले संच इतर मंडळी बनवतात आणि त्यांचे दुवे प्रकल्पाच्या संकेतस्थळावरील डाउनलोड पानावर असतात, म्हणून तेथूनच पुढे जावे. दुसरे असे, की या संचांत साधा आणि ‘शेअर्ड’ असे दोन प्रकार असतात. साध्या संचात सर्व काही मुख्य फाइलीतच सामावलेले असल्यामुळे एकही डीएलएल मिळत नाही. दुसऱ्या प्रोग्रामसाठी लायब्ररी हव्या असतील, तर ज्याच्या नावात ‘शेअर्ड’ हा शब्द आहे तोच संच घ्यावा. नवख्यांचा बराच वेळ वाया जातो तो या एका शब्दापायी.

नाव यांपैकी कोणत्याही कुळात बसत नसेल, तर ती त्या प्रोग्रामची खाजगी लायब्ररी समजावी आणि प्रोग्राम पुन्हा बसवावा. तोच प्रोग्राम ज्या संगणकावर नीट चालतो असा संगणक हाताशी असेल, तर तेथे ती फाइल शोधून राइट-क्लिक करावे आणि ‘प्रॉपर्टीज’मधील ‘डिटेल्स’ पाहावेत. बहुतेक फाइलींत निर्मात्याचे नाव आणि आवृत्ती नोंदलेली असते.

चौथी पायरी: ३२ बिट आणि ६४ बिटचा मेळ

६४ बिटचा प्रोग्राम ३२ बिटची लायब्ररी आपल्यात सामावून घेऊ शकत नाही, आणि उलटही शक्य नाही. प्रोग्राम कोणत्या प्रकारचा आहे हे त्याच्या जागेवरून बहुधा कळते, कारण ३२ बिटचे प्रोग्राम सहसा ‘प्रोग्राम फाइल्स’ या शब्दांपुढे ‘एक्स८६’ लिहिलेल्या फोल्डरमध्ये बसतात. येथे विंडोजमधील एक विचित्र रचना ठाऊक असायला हवी. ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ या फोल्डरात ६४ बिटच्या लायब्ररी असतात आणि ‘सिसवाव६४’ या फोल्डरात ३२ बिटच्या. नावे उलटी वाटतात, पण जुन्या प्रोग्रामना मूळ नाव बदललेले चालले नसते, म्हणून ती तशीच ठेवली गेली. नावावर विश्वास ठेवून हाताने फाइली टाकणारे येथे हमखास चुकतात. या दोन्ही फोल्डरांत स्वतःच्या हाताने काहीही न ठेवणे हा नियम पाळल्यास ही गल्लत उद्भवतच नाही.

‘रेग-एसव्हीआर-३२’ ही आज्ञा चालवून फाइलची नोंदणी करावी, असा सल्लाही ठिकठिकाणी दिसतो. ही आज्ञा ‘क्वार्ट्झ’सारख्या विशिष्ट रचनेच्या लायब्ररींनाच लागू होते. एव्हीकोडेक किंवा व्हीसीरनटाइमवर ती चालवली, तर नोंदणीचा प्रवेशबिंदू सापडत नाही एवढेच उत्तर मिळते. त्या उत्तरावरून फाइल खराब आहे असा निष्कर्ष काढू नये.

पाचवी पायरी: विंडोजच्या फाइली विंडोजकडूनच दुरुस्त करून घ्याव्यात

हरवलेली फाइल विंडोजची स्वतःची असेल, तर विंडोजमध्येच दोन साधने दिलेली आहेत. स्टार्ट मेनूत ‘सीएमडी’ टंकावे, आलेल्या ‘कमांड प्रॉम्प्ट’वर राइट-क्लिक करावे आणि ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ निवडावे. उघडलेल्या खिडकीत प्रथम डी-आय-एस-एम ही चार अक्षरे टंकावीत, मोकळी जागा सोडून तिरकी रेघ आणि ‘ऑनलाइन’, पुन्हा मोकळी जागा सोडून तिरकी रेघ आणि ‘क्लीनअप-इमेज’, आणि शेवटी मोकळी जागा सोडून तिरकी रेघ व ‘रिस्टोअरहेल्थ’ असे टंकून एंटर दाबावे. ‘क्लीनअप’ आणि ‘इमेज’ यांच्यामध्ये जोडरेघ आहे. ‘रिस्टोअरहेल्थ’ हे दोन शब्द जोडून लिहायचे आहेत. ही आज्ञा चांगल्या फाइली विंडोज अपडेटकडून मागवते, म्हणून इंटरनेट सुरू असावे. ती पूर्ण झाल्यावर एस-एफ-सी ही तीन अक्षरे, मोकळी जागा, तिरकी रेघ आणि तिला लागूनच जोडून लिहिलेला ‘स्कॅननाउ’ हा शब्द टंकावा. हे साधन विंडोजच्या सर्व संरक्षित फाइली तपासते आणि खराब फाइलींच्या जागी चांगल्या ठेवते.

दोन्ही कामांना बराच वेळ लागू शकतो आणि टक्केवारीचा आकडा मध्येच थांबल्यासारखा वाटतो. तेवढ्यावरून खिडकी बंद करू नये. महावितरणने देखभालीसाठी वीज बंद ठेवण्याचे कळवले असेल त्या दिवशी, किंवा पावसाळ्यात वीज ये-जा करत असताना, यूपीएसविना हे काम हाती घेऊ नये.

एवढ्या पायऱ्या पार होण्याआधीच संपूर्ण संगणक फॉरमॅट करण्याचा सल्ला कोणी दिला, तर तो स्वीकारण्याची घाई करू नये. एका डीएलएलसाठी कार्यालयाचा सारा हिशेब, सभांची इतिवृत्ते आणि छायाचित्रे जोखमीत घालण्याची गरज क्वचितच असते.

डीएलएल जागेवर असूनही चित्र दिसत नसेल तर

एमपी४, एमकेव्ही आणि एव्हीआय ही वेष्टनांची नावे आहेत. त्यांच्या आत चित्र कोणत्या पद्धतीने आवळून भरले आहे, ते कोडेक ठरवतो. एकाच एमपी४ नावाखाली २००३ चे एच.२६४ असू शकते आणि २०१३ चे एच.२६५, म्हणजेच एचईव्हीसी, हेही असू शकते. आजचे बरेच फोन आणि डीव्हीआर जागा वाचवण्यासाठी एचईव्हीसी वापरतात, पण विंडोजमध्ये ते उलगडणारा घटक असेलच असे नाही. शून्य-एक्स-सी-शून्य-शून्य-डी-५२१२ हा क्रमांक दिसला, तर कोडेक मिळाला नाही असा त्याचा अर्थ. मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून एचईव्हीसीचे एक्स्टेन्शन थोडे पैसे भरून घेता येते. एव्ही१ या दुसऱ्या कोडेकचे एक्स्टेन्शन विनामूल्य आहे. फाइलच्या नावाचा शेवट बदलून आतील कोडेक बदलत नाही.

निदानासाठी व्हीएलसी फार उपयोगी पडते. पॅरिसच्या एकोल सेंत्राल या संस्थेतील विद्यार्थ्यांच्या प्रकल्पातून ते घडले आणि आपले जवळजवळ सर्व कोडेक ते स्वतःबरोबर बाळगते. तीच चित्रफीत व्हीएलसीत नीट दिसली, तर फाइल निरोगी आहे आणि दोष पहिल्या प्रोग्रामच्या लायब्ररींत आहे. कंट्रोल आणि जे ही कळ एकत्र दाबल्यास व्हीएलसी त्या चित्रफितीचे कोडेक कोणते तेही दाखवते. अनेक कोडेक एकत्र भरलेले मोठे ‘कोडेक पॅक’ मात्र नवख्यांनी टाळावेत, असे माझे मत आहे. ते डायरेक्टशोच्या नोंदी बदलतात, आणि मग एक प्रोग्राम सुधारताना दुसरा बिघडला तर कारण शोधणे कठीण जाते.

सीसीटीव्हीच्या चित्रणाबाबत एक गोष्ट आवर्जून सांगावीशी वाटते. चोरी किंवा अपघातानंतर पोलिसांना ते चित्रण द्यायचे असेल, तर ते आपल्याकडे उघडत नाही म्हणून मूळ फाइल दुसऱ्या रूपात बदलून तीच पुढे देऊ नये. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ नुसार इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत प्रमाणपत्र द्यावे लागते, आणि त्यात फाइलचे हॅश मूल्य, म्हणजे तिच्या आतील मजकुरावरून गणिताने काढलेली खूण, नोंदवायचे असते. एकाही बिटचा बदल झाला तरी ते मूल्य बदलते. मूळ फाइल आणि डीव्हीआरचा प्लेअर असलेला पूर्ण फोल्डर वेगळ्या पेन ड्राइव्हवर ठेवावा आणि सगळे प्रयोग नकलेवर करावेत. डीव्हीआर ठरावीक काळानंतर जुन्या चित्रणावर नवे चित्रण लिहितो, म्हणून लायब्ररीची अडचण सुटण्याची वाट न पाहता चित्रण आधी बाहेर काढून घ्यावे.

लिनक्स वापरणाऱ्यांसाठी

लिनक्समध्ये लायब्ररी त्या वितरणाच्या (म्हणजे उबंटूसारख्या लिनक्सच्या प्रकाराच्या) पॅकेज व्यवस्थेकडूनच येतात, त्यामुळे भटकंती कमी होते. टर्मिनलमध्ये ‘एलडीडी’ ही आज्ञा आणि तिच्यापुढे प्रोग्रामची जागा दिली, तर लागणाऱ्या लायब्ररींची यादी मिळते आणि नसलेलीपुढे ‘नॉट फाउंड’ असे दिसते. ज्या प्रोग्रामवर विश्वास नाही, त्यावर ही आज्ञा चालवू नये. उबंटूमध्ये ‘उबंटू रिस्ट्रिक्टेड एक्स्ट्राज’ हे पॅकेज बसवल्यास नेहमीचे बहुतेक कोडेक मिळतात.

एकटी डीएलएल आधीच उतरवून ठेवली असेल तर

प्रोग्राम सुरू होताना विंडोज सामान्यतः प्रथम त्या प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये लायब्ररी शोधते आणि मग सिस्टिमच्या फोल्डरांकडे वळते. अनेक घातक प्रोग्राम याच क्रमाचा फायदा घेतात. ओळखीच्या नावाची बनावट डीएलएल विश्वासार्ह प्रोग्रामच्या शेजारी ठेवली, की तो प्रोग्राम तिला आपलीच समजून चालवतो आणि त्याला असलेले सर्व अधिकार तिला मिळतात. डाउनलोड फोल्डरमध्ये अशी फाइल पडून राहिली असेल आणि तेथूनच एखादा इन्स्टॉलर चालवला, तरीही हा प्रकार घडू शकतो. ज्या संगणकावरून संस्थेचे बँक खाते आणि देखभाल शुल्काचा हिशेब चालतो, त्यावर ही जोखीम मुळीच परवडणारी नाही.

अशी फाइल कोठे ठेवली ते आठवून तिच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा भाग पाहावा. मुक्त प्रकल्पांच्या अनेक अस्सल फाइलींवरही स्वाक्षरी नसते, त्यामुळे केवळ तेवढ्यावरून निकाल लागत नाही. परंतु मायक्रोसॉफ्टची म्हणून उतरवलेल्या ‘व्हीसीरनटाइम’सारख्या फाइलवर मायक्रोसॉफ्टची स्वाक्षरी नसेल, तर ती तात्काळ काढून टाकावी. विंडोजच्या फोल्डरमध्ये आधीच्या फाइलवर नवी फाइल टाकलेली असेल, तर पाचव्या पायरीतील दोन्ही आज्ञा चालवाव्यात. त्यानंतर ‘विंडोज सिक्युरिटी’त ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’मधील ‘स्कॅन ऑप्शन्स’ उघडून डिफेंडरचे, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या विषाणूरोधकाचे, ऑफलाइन स्कॅन निवडावे. संगणक पुन्हा सुरू होतो आणि साधारण १५ मिनिटांत, विंडोज पूर्ण सुरू होण्याआधीच, तपासणी पूर्ण होते. सर्ट-इन या सरकारी यंत्रणेच्या ‘सायबर स्वच्छता केंद्रा’च्या संकेतस्थळावरही विनामूल्य तपासणी साधने मिळतात. काही घातक आढळले, तर बँकेचे आणि ईमेलचे पासवर्ड दुसऱ्या संगणकावरून किंवा फोनवरून बदलावेत. खात्यातून रक्कम गेल्याचे दिसले, तर विलंब न लावता १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर कळवावे आणि बँकेलाही त्याच वेळी सूचना द्यावी.